तिसऱ्या हाकेच्या आधी

त्याला सगळे भोंगा म्हणत. आईवडिलांनी ठेवलेलं नाव होतं, पण ते सांगताना त्याच्या बायकोलाही क्षणभर थांबावं लागे. पहाटे घाऊक भाजीबाजारात लिलाव पुकारायचा आणि एकाआड एक रविवारी फुटबॉलच्या मैदानावर माइक धरायचा, ही त्याची दोन कामं. पहिल्यावर घर चाले, दुसऱ्याचा फक्त चहा मिळे. तरी जीव कुठे म्हणाल तर दुसऱ्यात. मैदानाच्या एका टोकाला लोखंडी जिना चढून गेलं की पत्र्याची एक खोली होती. तिच्यात माइक, टेलिफोन आणि मोडका पाय दोरीने बांधून ठेवलेली एक खुर्ची. तिथून त्याने "गोऽऽल" म्हटलं की मैदानाबाहेर सायकली सांभाळत बसलेल्या म्हातारीलाही कळायचं, कुणी मारला ते.

बाजारात त्याची एक ख्याती होती. लिलावात तीन हाका द्यायच्या आणि मग माल तोडायचा, म्हणजे शेवटच्या बोलीला देऊन टाकायचा, हा जगाचा रिवाज. हा बहाद्दर दुसऱ्या हाकेलाच तोडायचा. घेणाऱ्याच्या तोंडाकडे बघून याला म्हणे कळायचं, की गडी आता वर जात नाही. "तिसरी हाक आंधळ्यांसाठी," असं तो मिशीवर बोट फिरवत सांगे. आणि खरं सांगायचं तर बहुतेक वेळा त्याचं बरोबर यायचं. माणूस बिघडतो तो अशा बरोबर येण्यानेच.

क्लब होता देशाच्या तिसऱ्या लीगमध्ये. म्हणजे निकाल पेपरात यायचा, पण हवामानाच्याही खाली, चष्मा लावून शोधावा लागेल अशा अक्षरांत. रेडिओवाले या सामन्यांना कुत्रंही पाठवत नसत. गोलकीपर बस चालवायचा, डावीकडून धावणारा न्हाव्याच्या दुकानात होता. पण सहासात जणांना क्लब पगार देई, आणि त्यांत होता कॅप्टन, म्हणजे भोंग्याचा जावई. उंच, शांत, बचावात असा उभा राहायचा की समोरच्याने वळसाच घालावा. आधी टायरच्या दुकानात पंक्चर काढायचा. चौथ्या लीगमध्ये पगारबिगार काही नसतो, सगळे हौसेने खेळतात, आणि हौसेवर बाळाचं दूध येत नाही. तेव्हा क्लब खाली घसरला की जावयाला गाव सोडावं लागणार, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणी बोलून दाखवत नव्हतं.

तसं पाहिलं तर जावयाला हंगामाच्या मध्यावर दुसऱ्या क्लबचं बोलावणं आलं होतं. तो जायलाही तयार झाला होता. भोंग्यानेच त्याला पलंगावर शेजारी बसवून घेतलं. "जावईबापू, पोरीचे दिवस भरत आलेत. आईजवळ असू दे तिला. आणि आपण काही घसरत नाही. मी लिहून देतो."

"तुम्ही लिहून द्याल बाबा, पण गोल कोण मारेल?" जावई हसला. पण राहिला.

हंगाम असा गेला की सांगायची लाज वाटावी. सुरुवातीला हरले, मग बरोबऱ्या केल्या, मग चिखलाच्या दिवसांत पुन्हा हरले. एकदा तर आपल्याच माणसाच्या डोक्याला लागून बॉल आपल्याच जाळीत गेला आणि भोंग्याने सवयीने "गोऽऽल" म्हणून टाकलं. कोच रागाने लाल झाला. हा कोच जुना खेळाडू, दोन्ही गुडघे गेलेले, बोलायला तिखट. त्याने जिना चढून येऊन भोंग्याला एकच नियम घालून दिला होता. दुसऱ्या मैदानावर काय चाललंय ते माइकवर सांगायचं नाही. "पोरांचे पाय इथे आणि कान तिकडे, असं मला नकोय. इकडची शिट्टी वाजली की मग काय ते गाणं गा."

शेवटच्या रविवारी गणित सोपं होतं. आपले आणि आपल्या लगेच वरच्या क्लबचे गुण सारखेच, पण गोलांत तो सरस; आपण जिंकलो तर तो जिंकायला नको. बरोबरी झाली, तर मात्र तो त्याच्या सामन्यात हरायलाच हवा. नाही हरला तर आपण खाली. दोन्ही सामने एकाच वेळी, दोन वेगळ्या गावांत.

भोंग्याने त्या दुसऱ्या मैदानावर आपल्या मेहुण्याला धाडलं. मेहुणा सुतार होता, अंगाने असा की लोक त्याला खिळा म्हणत. एकटा जीव, बायको लवकर गेलेली, मूल नाही. भाचीवर माया. घरच्या मैदानावरचा एकही सामना त्याने कधी चुकवला नव्हता, आणि या सगळ्यात मोठ्या दिवशी त्याला बसमध्ये बसवून दिलं ते भोंग्यानेच. "तू जा. तुझ्याशिवाय भरवशाचं कोण आहे मला?" खिळा गेला. त्याला बोलायची सवयच कमी होती. आख्ख्या घराचं बोलणं भोंगाच बोलायचा.

सामना संपत आला तेव्हा इकडे एक-एक अशी बरोबरी होती. जावई बचाव सोडून पुढे गेला होता, लंगडत होता, पण प्रत्येक बॉलवर उडी घेत होता. खाली बाकावर भोंग्याची बायको पदरात तोंड घालून बसलेली, शेजारी लेक, तिच्या मांडीवर तान्ही. तेवढ्यात टेलिफोन वाजला.

"दाजी, ते हरतायत," खिळा धापा टाकत म्हणाला. "दोन-एक. पण अजून चालू आहे बरं का. पाचेक मिनिटं तरी असतील. फोन इथे खाली जिन्याजवळ आहे, मैदान दिसत नाही. मी जाऊन बघतो आणि परत फोन करतो. तोवर कुणाला बोलू नका."

"हो रे हो," भोंगा म्हणाला.

त्याने फोन ठेवला. खाली पाहिलं. सगळं मैदान दात आवळून बसलेलं, आणि त्या सगळ्यांना हवी ती गोष्ट त्याच्या एकट्याच्या खिशात. हरणाऱ्याचा चेहरा कसा असतो ते त्याला ठाऊक होतं की. पाच मिनिटं राहिली, परक्या मैदानावर खेळणारा संघ मागे, आता ते काय वर जातात! गडी संपला. आणि "ते मागे आहेत" असं सांगण्यात काय मजा? ती नुसती बातमी झाली. तोडण्याचा जो आनंद असतो तो त्यात नाही. उचलली जीभ लावली टाळ्याला.

"तिकडची मॅच संपली! ते हरले! आपण वाचलो रेऽऽ!"

मैदान उठलं. कोचने मात्र वर बघितलं. एवढ्या गोंगाटात त्याने दोन्ही हात पसरून खुणेने विचारलं, नक्की? माणसाला देव दुसरी संधी देतो ती अशी. भोंग्याने खिडकीतून कमरेपर्यंत बाहेर वाकून जोरजोरात मान हलवली.

आपल्याला त्याच वेळी कॉर्नर मिळाला होता. जावई गोलसमोर उभा होता, उडीच्या तयारीत. कोचने हाक मारून त्याला मागे बोलावलं. कॉर्नर आत आलाच नाही. दोघांनी बॉल झेंड्याजवळ पायात घोळवत ठेवला, समोरच्यांना काही देणंघेणं नव्हतं, तेही उभे राहून बघत होते. तसाच वेळ गेला आणि रेफ्रीने शिट्टी वाजवली. लोक कठड्यावरून उड्या टाकून आत घुसले. जावयाला कुणीतरी खांद्यावर घेतलं.

पुन्हा टेलिफोन वाजला.

"दाजी," खिळ्याचा आवाज रडवेला होता, "बरोबरी झाली हो. अगदी शेवटच्या क्षणी. दोन-दोन. आपलं काय झालं? जिंकलो ना? दाजी? सांगा ना, आपण जिंकलो ना?"

भोंग्याने फोन ठेवून दिला.

खाली जावई लोकांच्या खांद्यावरून वर खोलीकडे बघत होता. हात हलवत होता. मग त्याचं बघून सगळेच वर बघायला लागले आणि त्याच्या नावाचा पुकारा करायला लागले. भोंगा, भोंगा. बोल, काहीतरी बोल. त्या हजार-दीड हजार माणसांत खरं काय ते एकट्या त्यालाच माहीत होतं. त्याने माइकची वायर उपसली, खिडकीतून हाताने खूण केली की यंत्र बिघडलंय, आणि मागच्या जिन्याने उतरून घरी निघून गेला. रस्त्यात दोघा-तिघांनी त्याला मिठी मारली. त्याने ती मारून घेतली.

लीगच्या कचेरीतून क्लबला निकाल कळला तेव्हा लोक अजून नाचत होते. त्या बातमीला माइक लागला नाही.

संध्याकाळी कोच दारात आला, मागे जावई. जावयाच्या केसांत अजून कुणीतरी उधळलेले कागदाचे कपटे होते. बायको स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात उभी.

"तुला कुणी सांगितलं, मॅच संपली म्हणून?" कोचने विचारलं.

खिळ्याची बस अजून आली नव्हती. तो तिथे असता तर कदाचित वेगळं घडलं असतं. कदाचित नसतंही.

"खिळ्याने," भोंगा म्हणाला. आणि एवढ्यावर न थांबता म्हणाला, "फोनवर म्हणाला, संपली."

"मामांनी?" जावई म्हणाला, आणि तिथेच पायरीवर बसला. बायको आत निघून गेली.

दुसऱ्या दिवशी खिळा बाजारात आला. भोंग्याने चालू लिलाव थांबवला. आता हा चार लोकांत जाब विचारणार. विचारावा, असंही त्याला वाटलं. म्हणजे एकदाचं फुटेल. खिळा टोमॅटोच्या पेट्यांमध्ये उभा राहिला, पायाने उगाच जमीन उकरली आणि म्हणाला, "दाजी, पोरगी रडली का फार?" एवढंच. लोकांनी त्याला घेरलं, बोल बोल बोलले, तेव्हा तो म्हणाला, "झालं खरं, वाईट झालं." खरं काय ते बोलला नाही. भोंग्याला सुटल्यासारखं वाटलं, आणि तसं वाटलं म्हणूनच त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

गाव राग विसरतं, पण थट्टा विसरत नाही. खिळ्याने कुणाला सांगावं, टेबल झालंय, की लोक विचारत, "झालं म्हणजे खरंच झालं? की फोनवरचं झालं?" शिंप्याने कपाटाचं काम दिलं होतं ते काढून घेतलं. पोरंटोरं मागून ओरडत. खिळा हसायचा. हसताना त्याचे खालचे दात दिसत, ते भोंग्याने इतक्या वर्षांत कधी नीट पाहिले नव्हते, आता ते त्याला जेवताना आठवत.

जावई वाईट माणूस नव्हता. पण तो म्हणाला, मामा असतील त्या घरात मी जेवायला बसणार नाही. मग दर रविवारी बहिणीकडे जेवायला येणारा खिळा यायचा बंद झाला. बायको आता भावासाठी रोजच डबा भरायची आणि तो न्यायचा भोंग्याने. ती डबा पुढे करायची आणि आत वळायची. तिला काय माहीत होतं आणि काय नाही, हे विचारायची त्याची छाती नव्हती. ज्या घरात त्याच्या आवाजाने भांडी वाजत त्या घरात आता खरोखरच भांडी वाजलेली ऐकू येत.

वाटेत तो रोज मनाशी घोकायचा. आज बोलायचं. आधी खिळ्याला म्हणायचं, चुकलो. मग तसंच जावयाकडे जायचं. वर्कशॉपच्या दारात पोचला की आतून रंध्याचा आवाज यायचा, लाकडाचा वास यायचा, आणि खिळा हात झटकत उठायचा. "या दाजी. बसा." भोंगा स्टुलावर बसायचा आणि म्हणायचा, "काय उकडतंय नाही आज?" खिळा म्हणायचा, "हो ना." आदल्या दिवशीचा डबा घासून पुसून ठेवलेला असायचा. तो घेऊन भोंगा परत यायचा. अळीमिळी गुपचिळी.

बाजारात तो आता तीनच काय, चार-चार हाका द्यायला लागला. माल तोडताना हात वर जायचा आणि तिथेच राहायचा. व्यापारी वैतागले. "अरे तोड की! भाजी सुकली!" त्याला वाटायचं, अजून कुणीतरी बोलेल. कुणीतरी मागून ओरडेल, थांब, अजून चालू आहे. कुणीच ओरडत नसे.

क्लबने पगार बंद केले. जावयाने लांबच्या एका गावात गोदामात नोकरी धरली, त्या कारखान्याचा एक संघ होता, त्यात जमलं तर खेळायचं. निघायच्या दिवशी दारात सामानाची गाडी उभी राहिली. गाद्या, भांड्यांचे खोके, शिलाईमशीन. लेक पुढे बसली, मांडीवर तान्ही. भोंगा उगाच दोऱ्या ओढून बघत होता, आणि गल्लीच्या टोकाकडून हातगाडी ढकलत खिळा आला.

हातगाडीवर लहान मुलाची खाट होती. चारी बाजूंनी कठडा असलेली. इतके दिवस तो रंधा कशावर चालत होता ते भोंग्याला आत्ता कळलं, त्याने कधी विचारलंच नव्हतं.

खिळा जावयासमोर थांबला. "पोरीसाठी केलीय," तो म्हणाला. "कोपरे सगळे गोल केलेत. लागायचं नाही तिला."

जावयाने खाटेकडे पाहिलं. चांगला वेळ पाहिलं. मग म्हणाला, "मामा, गाडीत जागा नाही."

गाडीत जागा होती. आख्खी खाट राहील एवढी जागा मागच्या बाजूला मोकळी होती आणि ती सगळ्यांना दिसत होती. खिळ्यालाही. तो म्हणाला, "बरं, बरं," आणि हातातली दोरी पुन्हा गुंडाळायला लागला.

लेकीने गाडीतून वाकून बापाकडे पाहिलं. "बाबा?" ती म्हणाली. तिला एवढंच हवं होतं, की त्यांना काहीतरी सांगा, मामाचं मन राखा. आयुष्यभर बापाने सगळ्यांच्या वतीने बोलावं याची तिला सवय होती. भोंग्याने तोंड उघडलं. शब्द जिभेवर आले होते, तो ते चावू शकला असता इतके आले होते. बायको दारात उभी राहून त्याच्याकडेच बघत होती. जावईही थांबला होता, एक पाय गाडीत, एक खाली.

"उन्हाच्या आत निघा," भोंगा म्हणाला. "पुढे रस्ता तापतो."

गाडी गेली. बायको आत गेली आणि तिने दार लोटून घेतलं.

खिळा हातगाडी वळवत होता. "दाजी, जरा मागून धरता का? पुढे चढ आहे," तो म्हणाला. भोंग्याने मागून धरलं. दोघं गल्लीतून बाहेर पडले. चहाच्या टपरीवर नेहमीचे सातआठ जण बसलेले होते.

"काय खिळ्या, खाट झाली का?" एकाने विचारलं. "की फोनवरच झाली?"

सगळे हसले. खिळाही हसला, खालचे दात दाखवून. आणि भोंग्याने हातगाडी सोडली. रस्त्याच्या मधोमध उभा राहून त्याने तोंड उघडलं, तेव्हा बाजारातला, मैदानातला तो सगळा आवाज एकदम बाहेर आला.

"ऐका रे! खिळ्याने सांगितलं होतं, अजून चालू आहे! बोलू नका म्हणाला होता मला! मीच बोललो. संपली असं तो म्हणालाच नव्हता, ते मी म्हणालो, आणि नंतर नाव त्याचं घेतलं. मी घेतलं!"

चहावाला गाळणी हातात धरून बघत राहिला. मग त्यांच्यातला एक वयस्कर माणूस उठून जवळ आला आणि त्याने भोंग्याच्या खांद्यावर हात ठेवला.

"असू दे, भोंग्या," तो मायेने म्हणाला. "मेहुण्याची बाजू घेतोस, चांगलं आहे. नातं म्हणजे असं हवं." आणि मागे वळून बाकीच्यांवर डाफरला, "पुरे करा रे आता त्या गरिबाची थट्टा. बघा, त्याच्यासाठी हा आपल्या अंगावर घ्यायला निघालाय."

"अहो नाही, खरंच मी..."

"कळलं, कळलं. मोठ्या मनाचा आहेस."

एकाने मान डोलावली. दुसऱ्याने चहा पुढे केला. भोंगा सगळ्यांच्या तोंडाकडे बघत राहिला. इतकी वर्षं माणसांची तोंडं वाचण्यावर जगलेला माणूस तो. या तोंडांवर त्याच्याविषयी आदर होता, याहून वाईट दुसरं काही असू शकलं नसतं. तो आणखी काही बोलला असता, पण आता काहीही बोललं तरी त्याचं मन आणखी मोठंच होणार होतं.

"चला दाजी," खिळा म्हणाला.

चढ लागला. हातगाडीचं एक चाक कुरकुरत होतं. बरंच वर गेल्यावर भोंग्याने विचारलं, "तू का नाही रे बोललास? पहिल्याच दिवशी सांगायचं होतंस."

खिळा ढकलतच होता.

"मी कसा बोलणार, दाजी? ताईचं घर आहे ते," तो म्हणाला. "मला वाटलं, तुम्ही बोलाल. रोज डबा घेऊन यायचात ना, तेव्हा वाटायचं, आज." त्याने थांबून, बाजूला सरकलेली खाट हाताने सरळ केली. "मघाशी दारात तर अगदी नक्की वाटलं होतं."

मग तो पुन्हा ढकलायला लागला, आणि भोंगा मागून धरून चालत राहिला.